हंगामी

भद्रकालीच्या जुन्या बाजारात,
घड्याळांच्या सुट्या काट्यांशेजारी
प्लास्टिकच्या डबीत ती होती.
जांभळट. दोन सेंटांची. एका कोपऱ्याचे दात झडलेले.
दुकानदार म्हणाला, खराब आहे काका,
बाईच्या तोंडावर छापलंय कायतरी. वीस द्या.

बत्तीस वर्षं मी नाशिकरोडच्या प्रेसात ताव तपासले.
शाई केसभर सरकली
की बोट आपोआप थांबायचं.
नासका ताव वेगळा, मोजून, सही करून,
पहाऱ्यात भट्टीकडे.
म्हणून आधी मलाही वाटलं, नासका.
मग भिंग लावलं.

शाई सरकलेली नव्हती. नेमकी होती.
तांबडी. इंग्रजीत. आपल्यात म्हणायचं तर
हंगामी सरकार, अठराशे त्र्याण्णव.
आणि खाली हवाईची राणी,
जशी छापली तशी बघत.

वाचत गेलो मग.
साखरेच्या मळेवाल्यांना ती नको होती.
साखरवाल्यांचं नको म्हणजे काय असतं
ते आपल्या जिल्ह्यात मी कुणाला सांगू?
बंदरात परक्यांची युद्धनौका, रस्त्यावर तिचे शिपाई.
रक्त नको म्हणून राणीने सत्ता खाली ठेवली,
अन्याय निस्तरेपर्यंत, असं लिहून.
तिचंही तात्पुरतं, त्यांचंही.
नवी तिकिटं छापायला वेळ कुठला?
जुनी गठ्ठ्याने पडली होती.
तिच्याच तोंडावर छापून घेतलं.

माझे वडील याच प्रेसात मशीनवर.
सत्तेचाळीस साली रात्रपाळ्या करून
इथल्याच राजाच्या मुंडक्यावर
शेजारच्या नव्या देशाचं नाव उठवलं त्यांनी.
आई सांगायची, कोपरापर्यंत शाई, तशीच भाकरीवर.
ती शाई वेगळी होती.
असं म्हणतो, आणि भिंग पुसतो.

मागच्या खोलीत यमुना भोये राहते,
नर्सिंगला आहे, गाव पेठच्या पुढे.
तिला दाखवलं.
हंगामी तर आम्ही, ती म्हणाली.
दिवाळी झाली की आईबाप दिंडोरीच्या बागेत,
गोणीत तवा, तांदूळ, लहान भाऊ कडेवर.
होळीला परत. दिवस मोजलेले.
ह्यांचा हंगाम कधी सरला?
म्हटलं, सरला नाही.
पाच वर्षांत बेटंच खात्यात चढवली.

ती हसली नाही.
आमच्या पेठलाही राजा होता म्हणे.
आजा सांगायचा, पण मोठ्याने नाही.
आश्रमशाळेत पहिल्या दिवशी
तहान लागल्याचं मी आमच्या बोलीत सांगितलं.
गुरुजी म्हणाले, नीट बोल.
नीट येईपर्यंत तहानलेली होते.

मग मी सांगितलं, तिकडेही शाळेतून
त्यांची भाषा बाहेर काढली.
राणीला तिच्याच वाड्यात एका खोलीत कोंडलं,
तिथे ती गोधडी शिवत बसली.
लोकांनी एकवीस हजार सह्या केल्या, नको म्हणून.
कागद गेले, दप्तरात पडले.
शंभर वर्षांनी कुणी गठ्ठा सोडला
तर नातवंडं बोट फिरवत
पणजीचं नाव शोधत राहिली.

यमुनाने विचारलं, ही शाई निघते का?
निघते. कागद सोलून निघते.
मग राहू दे.
भिंगातून बराच वेळ बघत म्हणाली,
पण काका, बाई आधी छापलेली आहे.
एवढं बोलून रात्रपाळीला गेली,
डबा इथेच विसरून.

अल्बमच्या पानावर, वर,
देशाचं नाव लिहायचं असतं.
अकरा वाजलेत.
पेनाचं टोपण काढून बसलोय.